पाहुण्याला दिलेली बरोबरी

परवा दुपारी माझ्या नातीने एका अनोळखी माणसाला नाही म्हटलं, आणि माझ्या हातातला चहा बशीत सांडला.

ओवी यंदा दहावीला. परीक्षा तोंडावर आली म्हणून तिच्या आईने, म्हणजे माझ्या मुलीने, मीनलने, तिला सीवूड्सहून उचलून माझ्याकडे वाशीला आणून ठेवलीय. माझ्याकडे टीव्ही लागत नाही आणि गप्पा मारायला मी सोडून कुणी नाही, तेव्हा अभ्यास होईल अशी मीनलची समजूत. मोबाइल मात्र सोबत येतोच. भूमितीच्या पुस्तकाआड तो उभा करून ओवी बुद्धिबळ खेळत होती. समोरचा कुठल्या देशातला, बाई की बुवा, काही ठाऊक नाही. तेवढ्यात पडद्यावर एक पट्टी आली. समोरचा बरोबरी मागत होता. मी विचारलं, मग आता? "मग काय आजोबा, मी जिंकतेय ना. कशाला देऊ?" असं म्हणून तिने अंगठ्याने ती पट्टी उडवली आणि पुढची चाल केली.

तिला अर्धा सेकंदही लागला नसेल. मी मात्र बशीत सांडलेल्या चहाकडे बघत राहिलो. इतकं सोपं असतं हे? कुणी रागावलं नाही, कुणाचा अपमान झाला नाही, घरातली एक वस्तू जागची हलली नाही. ओवीने विचारलं, "आजोबा, बरं वाटत नाही का?" मी म्हटलं, चहा गरम होता.

हा मोसमच मला बाधतो. फेब्रुवारी संपत आला की वाशीत सकाळी खाडीवरचा गार वारा असतो आणि अकरापर्यंत ऊन चटके देऊ लागतं. आमची सोसायटी नवी होती तेव्हा आजूबाजूला इमारती कमी आणि मोकळी जमीन फार. वारा एका बाजूने आला की घरात कांद्याचा वास, कारण घाऊक बाजार नुकताच इकडे आला होता. दुसऱ्या बाजूने आला की कारखान्यांचा. दोन्ही वासांत गच्चीवर पोरं पुस्तकं घेऊन येरझाऱ्या घालायची. त्यांच्या पाठांतराची गुणगुण सुरू झाली की आजही मी खिडकी लावून घेतो. बायको होती तेव्हा म्हणायची, पेपर पोरांचे आणि धडधड तुम्हाला. तिला कारण माहीत होतं. ते तिने कधी उच्चारलं नाही, हे तिचे माझ्यावर उपकार.

मी रबाळ्याच्या एका कारखान्यात ड्राफ्ट्समन होतो. कंपनीच्या बसमध्ये मांडीवर चुंबकाचा छोटा पट ठेवून मी जगातल्या मोठमोठ्या लोकांचे डाव खेळून बघायचो. खेळाडू म्हणून मी सामान्य. पण ग्रँडमास्टर लोकांच्या आयुष्याचं मला विलक्षण वेड. जुनी मासिकं आणून त्यांच्या हकिगती मी वहीत उतरवून काढायचो आणि प्रत्येक हकिगतीनं नव्याने हबकायचो. एक जण क्षयाच्या इस्पितळात शेजारच्या खाटेवरच्या म्हाताऱ्याकडून खेळ शिकला होता, आणि म्हातारा गेल्यावर त्याचा अर्धा राहिलेला डाव यानेच दोन्ही बाजूंनी पुरा केला. एक जण स्पर्धेला जाताना स्टोव्ह आणि अंडी बरोबर न्यायचा, कारण हॉटेलच्या जेवणात कुणी काही घालील अशी त्याला धास्ती. एकाने देश सोडला, तर त्याच्या देशातल्या पुस्तकांतून त्याचं नाव खोडलं गेलं आणि त्याचे डाव बिननावाचे छापले गेले. असं जगून माणसं लाकडाची मोहरी हलवतात? मला पटायचंच नाही. आणि वाचल्यावाचून राहवायचंही नाही.

यातला एक जण मला सगळ्यांत जवळचा. पूर्व युरोपातल्या एका छोट्या गावातला, शिंप्याचा मुलगा. वहीत त्याला सात पानं दिली होती. त्याचा एक डाव मला तोंडपाठ होता. पुढे जगज्जेता झालेल्या माणसाशी त्याने ऐन तारुण्यात केलेली बरोबरी. हाती आलेला डाव त्याने घाई न करता शांतपणे आटोपता घेतला, असं मासिकात लिहिलं होतं. मी त्याखाली लाल शाईने लिहिलं, "संयम." मीनलला तो डाव मी किती वेळा दाखवला असेल त्याला गणती नाही. बघ, म्हणायचो, मोठा माणूस हावरा नसतो.

मीनल आठव्या वर्षापासून माझ्याशी खेळत होती आणि बाराव्या वर्षापासून मला हरवत होती. शांत मुलगी. चाल करताना ओठ आत ओढून घ्यायची, एवढीच तिची हालचाल. आमच्या बुद्धिबळ मंडळातले सगळे पुरुष तिच्याकडून हरून झाले होते आणि त्यातले बरेचसे त्या दिवशी डोकं दुखत होतं असं सांगायचे. ती दहावीला गेली त्या वर्षी मे महिन्यात मद्रासला मुलींची मोठी स्पर्धा होती. तिला जायचं होतं. तिने कधी काही मागितलं नव्हतं, हे मागितलं. मी अडलो. सुटीत अकरावीच्या सायन्सचे क्लास, दोन दिवसांचा प्रवास, वयात आलेली मुलगी, माझी रजा. नाही म्हणण्याचं धैर्य नव्हतं आणि हो म्हणायची इच्छा नव्हती.

नेमकी तेव्हा बातमी आली की तोच माझ्या वहीतला ग्रँडमास्टर मुंबईला येतोय आणि एक संध्याकाळ आमच्या मंडळाला देतोय. चोवीस जणांशी तो एकटा एकाच वेळी खेळणार. माझा दोन दिवस विश्वासच बसला नाही. आणि त्या भरात मी मीनलला म्हणालो, "त्याला हरवलंस तर मद्रासला जायचं. मी स्वतः घेऊन जातो."

आज हे वाक्य लिहिताना कानशिलं तापतात. हरवणं शक्य नाही म्हणूनच दिलेला शब्द होता तो. उदार दिसायचं आणि खिशातून काही जायचं नाही. मीनलने मात्र तो खरा धरला. सकाळी पाचला उठून इतिहास, मग भूगोल, आणि शाळेतून आल्यावर त्या माणसाचे डाव. सात पानं तिने पिंजून काढली. आई ओरडायची की परीक्षा कुणाची आहे, बोर्डाची की त्या गोऱ्याची.

आता आमच्या मंडळाची एक रीत सांगायला हवी. स्पर्धेच्या उद्घाटनाला जो कुणी पाहुणा येई, कधी बँकेचा मॅनेजर, कधी बाजारातले शेठ, त्याला आमच्यातल्या एका चांगल्या खेळाडूसमोर बसवायचं. चार-सहा चाली व्हायच्या. पाहुण्याला उंट तिरका जातो एवढंही ठाऊक नसलं तरी चालायचं. मग आमचा खेळाडू हात पुढे करायचा, फोटो निघायचा आणि सेक्रेटरी कदम माइकवर सांगायचे की उद्घाटनाचा डाव बरोबरीत सुटला. पाहुण्याला कुणी हरवत नसे. यात काही वावगं आहे असं आमच्या मनातही कधी आलं नाही. घरी आलेल्याला पाट द्यावा तशी बरोबरी द्यायची.

ग्रँडमास्टर आला. शाळेच्या हॉलच्या दारात टॅक्सीतून एक बुटका, थकलेला माणूस उतरला आणि मी त्याच्या मागून कुणी उतरतंय का ते बघत राहिलो. फेब्रुवारीचा उकाडा, आणि अंगात लोकरीचं जाकीट. बाहीची शिवण त्याने स्वतःच घातली असावी, धागा वेगळ्या रंगाचा होता. हार घालून घेताना त्याने डोळे मिटले. माझी सात पानं अशी घाम पुसत उभी होती. मला धक्काच बसला, पण लगेच त्याच्याविषयी माया वाटली.

चोवीस टेबलं, त्यांच्यामागे चोवीस खुर्च्या, आणि मधून तो फिरतोय. नियम असा की तो समोर येऊन उभा राहिला की आपण चाल करायची, आधी नाही. तो यायचा, आपली चाल बघायचा, मोहरं उचलून ठेवायचा आणि पुढे. चपलांचा आवाजसुद्धा नाही. पहिल्या तासात आठ जण उठले. मी अठरा नंबरला होतो आणि सन्मानाने मेलो. मग मीनलच्या मागे जाऊन उभा राहिलो.

पट बघितला आणि छातीत कळ आल्यासारखं झालं. ती वरचढ होती. तिचं कडेचं प्यादं वजीर व्हायला दोन घरं राहिली होती. त्याला अडवायला ग्रँडमास्टर साहेबांचा हत्ती कोपऱ्यात अडकून पडला होता आणि त्यांचा राजा पटाच्या पार दुसऱ्या टोकाला. तिचा राजा चार पावलांत प्याद्याजवळ पोचत होता, मग सगळं संपत होतं. मी पुन्हा मोजलं, तिसऱ्यांदा मोजलं. चारच.

हळूहळू बाकीचे डाव संपले. साहेबांनी खुर्ची ओढली आणि मीनलच्या समोर बसले. सगळा हॉल आमच्याभोवती गोळा झाला. कदमांनी मला बाजूला घेतलं. त्यांचा शर्ट पाठीला चिकटला होता.

"अहो सावंत, टेन्शन येतंय मला. पाहुणे आहेत ते. उद्या पेपरात आलं की वाशीत बोलवून शाळेतल्या पोरीनं हरवलं, तर पुन्हा कोण येणार आपल्याकडे? आपला डाव करून टाका ना, उद्घाटनाचा."

मी हो म्हणालो. विचार केला, वाद घातला, असं काही आठवत नाही. मीनलच्या खांद्यावर हात ठेवून खाली वाकलो आणि तिच्या कानात सांगितलं, "बाळा, पाहुणे आहेत. बरोबरी घे."

तिने मागे वळून पाहिलं नाही. तिचा कान लाल होत गेला तेवढा दिसला. बराच वेळ ती पटाकडे बघत राहिली. मग तिने राजा एक घर पुढे सरकवला, चारांतलं पहिलं पाऊल, आणि हात पुढे केला.

साहेबांनी पटाकडे पाहिलं. तिच्याकडे पाहिलं. मग वर, माझ्याकडे. आणि त्यांनी तो हात हातात घेतला. टाळ्यांचा कडकडाट झाला. कदम माइककडे धावले. शाळेचे शिपाई म्हात्रे खुर्च्या उचलत होते, वाशी गावातलेच, घराण्याची मिठागरं गेल्यावर नोकरीला लागलेले. त्यांना खेळातलं ओ की ठो कळत नव्हतं. पण ते माझ्याजवळ थांबले आणि हळू आवाजात म्हणाले, "सावंतसायब, पावन्याला जेवान वाढाचा. आपली पोर नाय वाढाची." मी हसलो. मला वाटलं, गंमत करतायत.

चहा शेजारच्या वर्गात होता. साहेबांनी दूध नको, लिंबू हवं म्हटलं, त्यासाठी पळापळ झाली आणि तेवढी पाच मिनिटं आम्ही दोघंच बाकांवर बसलो. त्यांचं इंग्रजी माझ्यासारखंच, मोडकं. त्यांनी विचारलं, तुम्ही वडील? मी मान हलवली. मग त्यांनी बाकावर खडूने चार ठिपके काढले. तिच्या राजाची चार घरं.

"तिला दिसलं होतं," ते म्हणाले. "तिला दिसलंय हे मला दिसत होतं. मग हात का?"

मी अभिमानाने समजावून सांगितलं. आमच्याकडे पाहुण्याला हरवत नाहीत. त्यांना ते पटकन कळलं नाही. कळलं तेव्हा हसतील असं वाटलं, पण त्यांचा चेहरा पडला. त्यांना बरं वाटावं म्हणून मी माझ्या वहीचं सांगितलं. त्यांचा तो डाव, ती बरोबरी, ती मी मुलीला शंभरदा दाखवली, त्यातूनच ती संयम शिकली.

त्यांनी कप खाली ठेवला. म्हणाले, तो डाव सुरू होण्याआधीच संपला होता. आदल्या संध्याकाळी त्यांच्या देशाच्या बुद्धिबळ संघाचे अधिकारी त्यांच्या खोलीवर आले होते, संत्र्यांची पिशवी घेऊन. हिवाळ्यात संत्री बघायलाही मिळत नसत. समोरच्याला अर्धा गुण लागत होता, त्याला पुढे जगज्जेता करायचं ठरलं होतं. तेव्हा तेवीस वर्षांच्या या मुलाने समजूतदारपणा दाखवायचा. "एकतिसाव्या चालीला मी जिंकत होतो," ते म्हणाले. "मी दुसरी चाल केली. घरी जाऊन संत्री खाल्ली. मग मला फ्लॅट मिळाला, परदेशी जायला मिळालं. आता हाताला सवय झालीय. कुणाचा हात पुढे आला की माझा आपोआप जातो. आजसुद्धा गेला."

माझी लाल शाई, माझा संयम, आणि ही संत्र्यांची पिशवी. मी दाराकडे पाहिलं तर तिथे मीनल उभी होती, हातात कापलेल्या लिंबाची बशी घेऊन. तिने बशी बाकावर ठेवली, साहेबांना थँक यू म्हटलं आणि बाहेर जाऊन उभी राहिली.

हॉलपासून घर चालत वीस मिनिटांवर. मीनल सगळी वाट माझ्या पुढे चालत होती. दुसऱ्या दिवशी सकाळी मी कंपनीची बस गाठायच्या गडबडीत होतो, मीनलची आई पोळ्या लाटत होती. मीनल समोर आली आणि तिने विचारलं, "बाबा, मद्रासचं काय?"

आणि मी, बूट घालता घालता, हसून म्हणालो, "अगं, पण हरवलंस कुठे? बरोबरी झाली."

हे माझ्याच तोंडून निघालं. लाटण्याचा आवाज थांबला. मीनलने दोन-तीनदा मान हलवली, हिशेब बरोबर आल्यासारखी, आणि आत जाऊन भूगोलाचं पुस्तक उघडलं. मी बसमध्ये बसलो, मांडीवर पट उघडला, आणि रबाळं येईपर्यंत एकही मोहरं हलवलं नाही. वाटलं, संध्याकाळी बोलू. संध्याकाळी तिचा अभ्यास चालला होता. मग वाटलं, परीक्षा होऊन जाऊ दे.

परीक्षा झाली. मार्क उत्तम पडले, सायन्सला गेली, पुढे इंजिनिअर झाली. माझ्याशी कधी आवाज चढवून बोलली नाही. पट तिने कपाटावर ठेवला तो तिथून काढला नाही, आणि मी जगाला सांगत राहिलो की अभ्यासामुळे मुलीला वेळ मिळत नाही. साहेबांच्या देशात पुढे उलथापालथ झाली तेव्हा एका मासिकात त्यांचा तो डाव पुन्हा छापलेला पाहिला, या वेळी त्यांनी स्वतः लिहिलेल्या टिपणासकट. एकतिसाव्या चालीपाशी त्यांनी खरी चाल दिली होती. मी ती पटावर खेळून बघितली. पाच चालींत समोरचा खलास. त्यांनी निदान छापून तरी टाकलं, हे मनात आलं आणि मासिक मिटलं.

इतकी वर्षं मी स्वतःला सांगत आलो की माझं चुकलं ते पाहुणचारापायी. रीतच तशी होती, कदम मागे लागले होते, माझा स्वभाव भिडस्त. हे सगळं खरं आहे आणि तरी त्यात एक गोष्ट राहून जाते. परवा ओवीने पट्टी उडवली तेव्हा ती गोष्ट समोर येऊन बसली. मी खाली वाकलो तेव्हा मद्रास माझ्या डोक्यात होतं. प्याद्याची दोन घरं मोजताना मी तिकिटं, रजा, क्लास, लोक काय म्हणतील, हे सगळं मोजत होतो. कदमांनी पाहुणे म्हटलं आणि मी सुटलो. मला बरं वाटलं होतं. पोर जिंकते आहे हे बघून छातीत जी कळ आली, ती भीतीची होती.

रविवारी मीनल ओवीला भेटायला आली. ओवी आंघोळीला गेली तेव्हा मी हे सगळं बोलून टाकलं. वय झाल्यावर माणसाला एवढी मुभा असावी. मीनल भाजी निवडत होती. तिने हात थांबवला नाही.

"माहीत होतं मला," ती म्हणाली.

कधीपासून, मी विचारलं.

"तेव्हाच. तुमचा आवाज किती खूश होता बाबा."

मला बसल्या जागी धरणी फाटावी असं झालं. तरी विचारलं, मग हात का पुढे केलास? नाही म्हणायचं होतंस. ओवी कशी म्हणाली.

मीनलने मेथीची जुडी खाली ठेवली. "मला वाटलं, घरी गेल्यावर तुम्हीच म्हणाल, चुकलं माझं, जाऊ या मद्रासला. सकाळी नाही म्हणालात, तर वाटलं पेपर संपल्यावर म्हणाल. मी बॅग भरून ठेवली होती, पलंगाखाली. मे संपला तेव्हा काढली."

मग ती उठली आणि ओवीला टॉवेल द्यायला गेली. त्या वर्षी एप्रिल-मे दोन्ही महिने मी त्याच पलंगावर झोपत होतो.